कपाळावर १००, आत १०६

वर्धा जिल्ह्यातल्या एका ताईंचा प्रश्न आहे. सासरे सत्तरीचे. मे महिन्यात सकाळपासून धुऱ्यावर पऱ्हाट्या, म्हणजे कपाशीची वाळलेली झाडं, रचत होते. तीनच्या सुमारास घरी आले ते वेड्यावाकड्या गोष्टी बोलतच. घरातल्या बंदुकीसारख्या थर्मामीटरने कपाळावर १००.४ दाखवलं, म्हणून पॅरासिटामॉलची गोळी देऊन पंख्याखाली निजवलं. दीड तासाने शुद्ध हरपली. दवाखान्यात गुदद्वारातून ताप मोजला तर १०६.४. नऊ दिवसांनी घरी आले, आता बोलतात नीट, पण चालताना झोक जातो. ताईंचे प्रश्न तीन: दीड तासात सहा डिग्री चढला कसा, गोळीने का उतरला नाही, आणि शरीराचं तापमान सांभाळणारी यंत्रणा कायमची बिघडली का?

ताई, आधी शब्दाचंच बघू, कारण गोळी दिली गेली ती शब्दामुळे. तुम्ही सगळीकडे 'ताप' लिहिलंय. आपल्या भाषेत ताप 'येतो' आणि अंग 'तापतं', आणि या दोन गोष्टी वेगळ्या आहेत. मलेरिया, टायफॉइड, घशाची सूज यांत ताप येतो. मेंदूच्या तळाशी हायपोथॅलॅमस नावाचा बोराएवढा भाग आहे, तो शरीराचं तापमान ठरवतो. जंतुसंसर्गात तोच ठरवतो की आता ९८.६ नको, १०३ पाहिजे. मग माणसाला थंडी वाजते, तो गोधडी मागतो, पाय पोटाशी घेतो. शरीर स्वतःहून वर चढत असतं. पॅरासिटामॉल या ठरवण्यात हात घालतं, आकडा पुन्हा खाली आणतं, मग घाम फुटतो आणि ताप उतरतो.

ऊन लागलेल्या माणसाच्या हायपोथॅलॅमसने आकडा बदललेलाच नसतो. तो बिचारा शेवटपर्यंत ९८.६ साठीच झटत असतो, फक्त त्याला जमत नाही. नागपुरी कूलरचं उदाहरण घ्या. टाकीत पाणी आहे, मोटर ताटीवर पाणी सोडतेय, तोवर खोली गार. पाणी संपलं की पंखा तेवढ्याच जोरात फिरतो आणि गरम हवा फेकतो. तिथे बटण फिरवून काय उपयोग? गोळी म्हणजे ते बटण. ती एक गोळी दिल्याने काही बिघडलं असं मनात आणू नका. नुकसान झालं ते गोळी लागू पडायची वाट बघण्यात. मात्र उष्माघातात यकृताला आधीच मार बसलेला असतो, म्हणून आम्ही दवाखान्यातही पॅरासिटामॉल देत नाही.

आता पहिला प्रश्न. दीड तासात सहा डिग्री चढलाच नाही. तीन वाजता ते दारात आले तेव्हाच आत १०५ च्या आसपास असणार, माझी खात्री आहे. असंबद्ध बोलणं हा त्याचा पुरावा. कपाळाचं यंत्र कातडीचं तापमान बघतं आणि त्यावरून आतल्याचा अंदाज बांधतं. कातडीवर घाम आहे, तोंडावर नुकतंच पाणी मारलंय, वरून पंखा आहे, मग कातडी गार आणि अंदाज चुकलेला. काखेतल्या थर्मामीटरचंही तसंच. आत मेंदू, यकृत, मूत्रपिंडं ज्या रक्तात आहेत त्याचं तापमान कळायला गुदद्वारातूनच मोजावं लागतं. घरी कोणी ते करणार नाही आणि करूही नये, त्यात वेळ जातो. घरच्यांसाठी मी सोपा नियम सांगतो: उन्हातून आलेला माणूस बरळतोय, ओळखत नाही, भांडतोय, झोक जातोय किंवा झटके येतायत, तर यंत्र काय म्हणतं ते बघूच नका, उष्माघातच समजा. वैद्यकाच्या पुस्तकातली व्याख्याही तीच आहे: आतलं तापमान ४० अंश सेल्सिअस, म्हणजे १०४ फॅरनहाइटच्या वर, आणि सोबत मेंदूचा घोटाळा. यातला मेंदूचा घोटाळा दिसायला थर्मामीटर लागत नाही.

चढतं किती वेगाने, याचा हिशेब मांडून बघा. साठ किलोच्या माणसाचं अंग एक अंश सेल्सिअसने तापवायला साधारण ५० किलोकॅलरी लागतात. नुसतं बसलेलं शरीर तासाला ७० एक किलोकॅलरी उष्णता तयार करतं. ती बाहेर पडलीच नाही तर तासात दीड अंश. शेतात राबणारा माणूस तासाला ३०० सहज तयार करतो. त्याची बाहेर जायची वाट बंद झाली तर दर दहा मिनिटांना एक अंश. वरून सूर्य देतो ते वेगळंच. म्हणजे ३७ वरून ४१ ला जायला पाऊण तास पुरतो. आपण रोज तापून मरत नाही याचं श्रेय घामाचं. एक लिटर घाम कातडीवरून पुरता वाळला तर ५८० किलोकॅलरी घेऊन जातो. वाळला तर, हे महत्त्वाचं. निथळून जमिनीवर पडलेला घाम काहीच नेत नाही.

कातडीचं तापमान असतं ३५ अंशांच्या आसपास. हवा त्याहून थंड असेपर्यंत उष्णता आपोआप बाहेर जाते. आपल्याकडे एप्रिल-मेमध्ये हवा ४४-४५ असते, मग उष्णता उलटी आत येते आणि घाम सोडून दुसरी वाटच उरत नाही. विदर्भाची हवा कोरडी आहे, घाम दिसायच्या आत वाळतो, म्हणून पंचेचाळीसमध्येही माणूस तगतो, जोवर अंगात पाणी आहे तोवर. कोकणपट्टीचं वेगळं. तिथे हवेतच इतकी वाफ असते की घाम वाळत नाही. १६ एप्रिल २०२३ ला खारघरला भर दुपारी उघड्या मैदानावर महाराष्ट्र भूषण पुरस्काराचा सोहळा झाला, आणि उष्माघाताने १४ माणसं गेली. तिथला पारा चाळिशीच्या आत होता. चंद्रपुरात त्या आकड्याला कोणी ऊन म्हणत नाही. म्हणूनच हवामान खातं सपाट प्रदेशात उष्णतेच्या लाटेचा विचार ४० अंशांपासून करतं आणि किनाऱ्यावर ३७ पासूनच. मुंबईला राहणारी मंडळी गावाकडच्यांना 'तुमच्याकडे काय ते ऊन' म्हणतात, त्यांनी स्वतःच्या दमट दुपारीही जपावं.

घामाबद्दलचा एक गैरसमज मला फार महागात पडला आहे. नोकरीच्या सुरुवातीच्या वर्षांत मी एका छोट्या आरोग्य केंद्रात होतो. वीटभट्टीवरचा तिशीतला मजूर आणला, अंगातून पाणी निथळत होतं. माझ्या डोक्यात कॉलेजातलं वाक्य पक्कं: उष्माघातात कातडी गरम आणि कोरडी. सोबतचा भाऊही तेच म्हणत होता, "सायब, घाम तं येऊन ऱ्हायला, मंग ऊन कसं लागन?" काखेत १०२ भरला. मी तापाचं इंजेक्शन दिलं, सलाइन लावलं आणि मोठ्या दवाखान्यात पाठवलं. बंद काचांची जीप, दुपारचे दोन, साठ किलोमीटर. तिसऱ्या दिवशी लघवी बंद झाली, सहाव्या दिवशी तो गेला. कोरडी कातडी ही म्हाताऱ्यांची, लहान मुलांची, टिनाखालच्या खोलीत दोन-तीन दिवस शिजत राहिलेल्यांची खूण. राबता राबता कोसळणारा जवान माणूस शेवटपर्यंत घामाघूम असू शकतो. तुमच्या सासऱ्यांत दोन्हीचं मिश्रण झालं असणार, वय म्हाताऱ्याचं आणि काम जवानाचं.

त्या मजुराला मी पाठवलं ते चुकलं नाही, तापलेला पाठवला ते चुकलं. आधी गार करायचं, मग गाडीत घालायचं. कारण आत काय चाललेलं असतं ते बघा. कातडीकडून उष्णता बाहेर टाकायची म्हणून हृदय जास्तीत जास्त रक्त कातडीकडे वळवतं. ते कुठून तरी काढूनच घ्यावं लागतं, आणि पहिला वाटा जातो आतड्यांचा. रक्त कमी पडलं आणि वरून तापलं की आतड्याचं अस्तर गळायला लागतं आणि तिथल्या जंतूंचं विष रक्तात शिरतं. मग सगळ्या अंगभर सूज, बारीक रक्तवाहिन्यांत गुठळ्या, आणि गुठळ्या करण्यात घटक संपले की कुठूनही रक्तस्राव. स्नायू विरघळतात, त्यांचा गाळ मूत्रपिंडात अडकतो, लघवी कोकाकोलाच्या रंगाची होते. ४१.६ ते ४२ अंशांच्या पुढे, म्हणजे १०७ च्या वर, पेशींतली प्रथिनंच उकडलेल्या अंड्यासारखी बदलायला लागतात. पण आकडा एकटा मारत नाही. १०७ वर दहा मिनिटं काढलेला माणूस पायी घरी जाऊ शकतो. १०५ वर तीन तास काढलेल्याचं सांगता येत नाही. अंश आणि मिनिटं यांचा गुणाकार करायचा.

अमेरिकेत मॅसॅच्युसेट्स राज्यात फॅल्मथ गावी दर ऑगस्टमध्ये सात मैलांची शर्यत होते. अठरा वर्षांत तिथे उष्माघाताचे २७४ धावपटू आले आणि एकही दगावला नाही. औषध कुठलं? बर्फाच्या पाण्याचे टब, शर्यत संपते तिथेच मांडून ठेवलेले. दिल्लीच्या राममनोहर लोहिया रुग्णालयाने २०२४ च्या उन्हाळ्यात असे टब असलेला कक्ष सुरू केला. माझ्या जुन्या पुस्तकात लिहिलं होतं की बर्फाने कातडी आकसते, उष्णता आत कोंडते, म्हणून बर्फ नको. ते खरं ठरलं नाही. बुडवलेलं अंग कुठल्याही दुसऱ्या उपायापेक्षा लवकर गार होतं. पण बेशुद्ध म्हाताऱ्याला टबात धरून ठेवायला चार माणसं लागतात आणि टब आपल्याकडे तालुक्याला नसतो, म्हणून आमचं चालतं ते ओलं करून वारा घालण्यावर. मक्केला हज यात्रेकरूंसाठी १९८० च्या सुमारास याच तत्त्वावर खास खाट बनवली गेली: जाळीवर माणूस, वरून पाण्याचे बारीक फवारे आणि ऊन हवेचा झोत. हवा मुद्दाम गरम, म्हणजे कातडी गारठत नाही, अंग कापत नाही आणि पाणी भराभर वाळतं.

आमची खाट म्हणजे सुंभाची बाज. चेष्टा नाही करत. दवाखान्याच्या पलंगावर रेक्झीनची गादी असते, पाठीखाली पाणी साचतं, निम्मं अंग गार होतच नाही. बाजेवर पाणी खाली गळून जातं आणि खालूनही वारा लागतो. काही वर्षांपूर्वी तेंदूपत्त्याच्या हंगामात जंगलातून एक बाई आणली, पन्नाशीची, पदराला अजून पानांचे तुकडे चिकटलेले. गुदद्वारात तापमान मोजायचा प्रोब घातला: ४१.८ अंश सेल्सिअस. सिस्टरने लुगडं कापलं, पातळ सुती चादर अंगावर टाकली. वॉर्डबॉयने कूलरची मोटर काढली, नळी चादरीवर धरली, दोन बाजूंनी दोन टेबलपंखे लावले. काखेत, मानेला, जांघेत बर्फाच्या पिशव्या, रुमालात गुंडाळलेल्या. मी हातात घड्याळ धरून उभा. पाच मिनिटांनी ४१.५. दहा मिनिटांनी ४१. मध्येच झटका आला, त्याचं इंजेक्शन दिलं, साखर तपासली, मलेरियाची पट्टीही लावली. गडचिरोली-चंद्रपूरच्या पट्ट्यात बेशुद्ध तापलेल्या माणसाचा मेंदूचा मलेरिया तपासल्याशिवाय सोडायचा नसतो, पण पट्टीचा निकाल येईस्तोवर पाणी थांबवायचंही नसतं. पस्तीसाव्या मिनिटाला ३८.८ झालं आणि आम्ही पंखे बंद केले. तिथे थांबावं लागतं, नाहीतर आकडा घसरत घसरत ३५ वर जातो. ती डोळे उघडून पहिलं काय म्हणाली तर पानांचे पुडे किती झाले.

घरी तुमच्याकडे मोटर नसली तरी बाज आणि बादली असते. एकाने १०८ ला फोन करायचा, दुसऱ्याने सावलीत बाजेवर निजवून कपडे काढायचे, डोक्यापासून पायापर्यंत पाणी ओतत राहायचं आणि वारा घालायचा. माठाचं पाणी, हौदाचं पाणी, हापशीचं, जे असेल ते. शेतात असाल तर विहिरीवरच्या मोटरीचा पाइपच अंगावर धरा, त्याहून चांगलं काही नाही. नुसता पंखा मात्र नको. चाळीसच्या वर कोरड्या अंगावर पंखा म्हणजे भट्टीला फुंकर. तुमच्या सासऱ्यांना पंख्याखाली निजवलं तेव्हा अंग ओलं असतं तर कदाचित गोष्ट वेगळी झाली असती. हे तुम्हाला लागावं म्हणून नाही लिहीत, पुढच्या वेळी घरात कोणाला तरी आठवेल म्हणून लिहितो. ओकारी येत असेल तर कुशीवर वळवा. शुद्ध नसलेल्याच्या तोंडात पाणी, पन्हं, कांद्याचा रस काहीही घालू नका, ते फुफ्फुसात जातं. अंगाला कांदा चोळायलाही बसू नका, तेवढ्यात चार बादल्या ओतून होतात. खिशात कांदा ठेवून कोणी शेतात जात असेल तर जाऊ द्या, त्याने काही होत नाही, वाईटही नाही. डोक्याला ओला दुपट्टा बांधलाय का, एवढं बघा.

सासरे कुठल्या गोळ्या घेतात ते तुम्ही लिहिलेलं नाही, आणि हे मी माझ्या प्रत्येक पेशंटच्या घरच्यांना विचारतो. रक्तदाबासाठी लघवी जास्त करणारी गोळी असेल तर अंगातलं पाणी आधीच कमी. हृदयाचे ठोके कमी करणारी असेल तर कातडीकडे रक्त ढकलायला हृदय कमी पडतं. कंपवातावरच्या, मानसिक आजारावरच्या काही गोळ्या, आणि सर्दी-खाजेच्या झोप आणणाऱ्या साध्या गोळ्याही घाम आटवतात. दारू पित असतील तर तेही सांगा, घरचे हे नेहमी शेवटी सांगतात. गोळ्या परस्पर बंद करू नका. चिठ्ठी घेऊन डॉक्टरांकडे जा आणि उन्हाळ्यापुरता डोस बदलायचा का विचारा.

तिसरा प्रश्न राहिला. यंत्रणा कायमची बिघडली का? हायपोथॅलॅमस सहसा सावरतो. मात्र पुढचे काही आठवडे, काहींत काही महिने, ऊन सोसायची ताकद कमी असते आणि पुन्हा बाधायची भीती जास्त. झोक जातो त्याचं कारण वेगळं आहे. तोल सांभाळणारा लहान मेंदू, त्यातल्या काही पेशी उष्णतेला सगळ्यांत आधी बळी पडतात. म्हणून इतर सगळं परत येतं आणि चाल दारुड्यासारखी राहते, बोलणं थोडं ओढत येतं, पेला धरताना हात थरथरतो. बऱ्याच जणांचं काही महिन्यांत सुधारतं, थोड्यांचं राहतं. न्यूरोलॉजिस्टला एकदा दाखवा आणि फिजिओथेरपी आजपासून धरा. घरात मोरीला आणि अंगणाच्या पायरीला धरायला दांडा बसवा, या वयात खुब्याचं हाड मोडलं तर उष्माघातापेक्षा जड जाईल. यकृत आणि मूत्रपिंडाची रक्ततपासणी सुट्टी देताना नॉर्मल होती का, कागद काढून बघा. यकृताचे आकडे दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी चढतात आणि उतरायला वेळ घेतात, ते पूर्ण खाली येईपर्यंत दर पंधरा दिवसांनी तपासा.

शेतात कधी जाऊ द्यायचं, हे तुम्ही विचारलं नाही, पण ते नक्की विचारत असतील. या मोसमात नाही. नवतपा, म्हणजे मेअखेरचे कडक उन्हाचे नऊ दिवस, तर घरातच, कूलरसमोर. मृग लागून दोन-तीन पाऊस झाले, तपासण्या चांगल्या आल्या आणि चाल सुधारली की सकाळी नऊच्या आत अर्धा तास, सोबत कोणीतरी असताना. तिथून दर दोन दिवसांनी थोडं थोडं वाढवत न्या. उन्हाची सवय अंगाला लागायला निरोगी माणसालाही आठवडा-दोन आठवडे लागतात: घाम लवकर सुटायला लागतो, त्यातलं मीठ कमी होतं. त्यांना जास्त लागतील. तहान लागली तरच पाणी, ही सवय सोडवा, म्हाताऱ्या माणसाची तहानच मंद असते. तासातासाने पेलाभर द्या, ताकात मीठ घालून दिलं तरी चालेल, हृदयाचा किंवा किडनीचा त्रास असेल तर किती द्यायचं ते डॉक्टरांना विचारून. आणि उरलेल्या पऱ्हाट्या दुसऱ्या कोणाकडून रचून घ्या, नाहीतर ते पहाटे कोणाला न सांगता निघतील. आमच्याकडे दोन जण तसे परत आले आहेत.